हातात लेखणी आहे पण शिक्का दुसऱ्याकडे, अशा हुद्द्याचं करायचं काय?

या वेळचं पत्र सांगलीहून आलंय, थोडं छाटून देतोय:

"दादा, मी नोकरी करून रात्री एक फँटसी मालिका लिहिते, मराठीतच. मैत्रिणींसाठी सुरू केली होती, आता बऱ्यापैकी लोक वाचतात. त्यात एक चिन्हमंडळ आहे, म्हणजे जादूच्या चिन्हांचा अभ्यास करणाऱ्या लोकांचा संघ. हुद्दे तीन: उमेदवार, रेखक, मुद्राधर. माझी शलाका उमेदवार होती तोवर मजा आली, तिच्या चुका, गुरूचा ओरडा, पहिलं चिन्ह पेटलं तो सीन, सगळं लोकांना आवडलं. आता ती रेखक झालीये आणि गाडी तिथेच रुतलीये. रेखक दिवसभर नक्की करतो काय तेच मला सुचत नाही. वहीत मी लिहून ठेवलंय की उमेदवाराची पॉवर १०, रेखकाची ५०, मुद्राधराची १००, पण त्यातून गोष्ट काही निघत नाही. वाचणारे म्हणतात बोअर होतंय, करून टाक तिला मुद्राधर. नवरा म्हणतो तीनचे सात हुद्दे कर म्हणजे मधूनमधून प्रमोशन देता येईल. काय करू? आणि रेखकाचा ड्रेस कसा असावा तेही सांगा. — रुतलेली रेखक, सांगली"

अगं रुतलेल्या रेखक,

नवऱ्याला माझा नमस्कार सांग, पण सात हुद्दे करू नकोस. आत्ता तुझ्याकडे एक हुद्दा रिकामा आहे, उद्या पाच होतील, आणि प्रत्येक प्रमोशनला लोक तेच विचारतील की बरं मग आता काय बदललं.

खरी भानगड त्या १०, ५०, १०० ची आहे. पॉवरचे आकडे लढाईत कामाला येतात, पण तुझं मंडळ काही पलटण नाहीये, ते अभ्यासकांचं मंडळ आहे, आणि जिथे जिथे अभ्यासक किंवा कारागीर जमले तिथे हुद्दा ठरलाय तो कुणाला काय करायची परवानगी आहे आणि चुकलं तर कुणाच्या गळ्यात येतं यावरून. मी रेखकाची व्याख्या अशी करीन: काम पूर्ण येतं, पण त्या कामावर स्वतःची सही चालत नाही. हात तयार आहे, शिक्का दुसऱ्याच्या कमरेला. एवढं एकदा मनात पक्कं बसलं ना की सीन आपोआप यायला लागतील, बघ तू.

पेणच्या गणपतीच्या कारखान्यात कधी गेली असशील तर तिथे हे डोळ्यांनी दिसतं. माती, साचा, पॉलिश, अंगाचा रंग, पितांबर, दागिने हे सगळं करणारे हात वेगवेगळे, त्यातले कितीतरी वर्षानुवर्षं तेच काम करतायत आणि उत्तम करतायत. पण डोळ्यांची आखणी आली की ब्रश ठरावीक माणसाच्याच हातात जातो. आणि एवढं सगळं होऊन मूर्ती घरी आली तरी ती अजून मूर्तीच असते, प्राणप्रतिष्ठा गुरुजींनी करायची. आता तुझ्या मंडळात हेच लाव. शलाका अख्खं चिन्ह काढते, एकही रेघ इकडची तिकडे नाही, आणि शेवटचा बिंदू मात्र मुद्राधर येऊन ठेवतो, दोन सेकंदांचं काम, आणि लोक त्याच्या पाया पडतात. त्या दिवशी शलाकाला घरी जाताना काय वाटलं असेल ते लिही. ५० पॉवर कुठेही न लिहिता ते लोकांना कळेल.

आता तू म्हणशील हे झालं कारागिरांचं, माझे लोक चिन्हं वाचणारे, जादू करणारे. तर असे लोक खरे होऊन गेलेत आणि त्यांच्यातही मधला हुद्दा होता. इराकमध्ये टायग्रिस नदीच्या काठावर अश्शुर नावाचं जुनं शहर आहे, जर्मन लोकांनी १९०३ ते १९१४ मध्ये तिथे खोदकाम केलं. त्यात एक घर सापडलं, आत शेकडो मातीच्या पाट्या, सगळ्या कीलाकार लिपीत, मंत्र, विधी, औषधं, भुतंखेतं घालवायचे उपाय. इसवी सनापूर्वी सातव्या शतकातलं मांत्रिकांचं घराणं होतं ते, आजोबा, वडील, मुलगा, पुतण्या सगळे याच धंद्यात. मांत्रिक म्हणजे आपल्या डोक्यात येतो तसा कवटीवाला नाही हं, चांगला शिकलेला, देवळाशी बांधलेला, अर्धा वैद्य अर्धा पुरोहित असा माणूस. त्यातल्या किसिर-अश्शुर नावाच्या माणसाने आपल्या पाट्यांच्या शेवटी नाव आणि हुद्दा लिहून ठेवलाय, आपल्याकडे पोथीच्या शेवटी पुष्पिका असते ना, तसं. त्यामुळे आज अभ्यासकांना त्याचं करिअर पायरी पायरीने लावता येतं: आधी शिकाऊ, मग धाकटा मांत्रिक, मग मांत्रिक, आणि सगळ्यात शेवटी अश्शुर देवाच्या मंदिराचा मांत्रिक.

"धाकटा मांत्रिक" बघ. हाच तुझा रेखक. शिकाऊ नाही, कारण ती पायरी आता मागे पडलीये. पण देवळाचाही नाही.

आणि तो दिवसभर काय करतो याचं उत्तर त्या पाट्यांतच आहे. नक्कल करतो. जुन्या पाटीवरून नवी पाटी. काही पाट्यांखाली असं लिहिलेलं असतं की ही अमुक विधीसाठी घाईघाईत उतरवून घेतली, म्हणजे दारात कुणीतरी उभं आहे, घरात माणूस तापाने फणफणलाय, आणि हा दिव्याच्या उजेडात ओल्या मातीवर बोरू टोचत बसलाय कारण मूळ पाटी बाहेर न्यायची नसेल किंवा त्यातला लागेल तेवढाच भाग हवा असेल (दिवा, ताप आणि दार माझं, घाई त्यांची). हा सीन तुला फुकट मिळालाय, घे.

त्याहून भारी गोष्ट म्हणजे मूळ पाटी फुटलेली असेल तर नक्कल करणारा तिथे चक्क "फुटलेलं" असं लिहून पुढे जायचा. मूळ नकलेतच आधीपासून "फुटलेलं" लिहिलेलं असेल आणि आता आणखी एक टवका उडाला असेल तर "नवीन फुटलेलं" असंही लिहायचे. अंदाजाने भरायचं नाही. आता विचार कर, शलाकाला एक चिन्ह उतरवायला दिलंय, मधोमध तडा गेलाय, आणि तिथे कुठली रेघ असणार हे तिला शंभर टक्के माहितीये, कारण हुशार आहे ती. नियम सांगतो जागा मोकळी सोड. दारात आई पोराला घेऊन उभी आहे. मुद्राधर गावाला गेलाय. उमेदवार असती तर हा प्रश्नच आला नसता, तिला ती रेघ माहीतच नसती, आणि मुद्राधर असती तर रेघ ओढून मोकळी झाली असती. हा पेच फक्त मधल्या माणसाचा आहे, आणि तुझ्या वाचकांना बोअर होतंय म्हणतात ते अशा पेचासाठी थांबलेत असं माझं मत.

आपल्याकडच्या पोथ्यांतही नक्कल करणारा शेवटी लिहितो, "यादृशं पुस्तकं दृष्ट्वा तादृशं लिखितं मया", पुस्तक दिसलं तसं लिहिलं, शुद्ध असो नाहीतर अशुद्ध, मला दोष देऊ नका. मला ही ओळ फार आवडते, थोडी बिचारी आहे आणि थोडी चतुर पण. तुझ्या मंडळात रेखकाने प्रत्येक चिन्हाखाली असं एक वाक्य लिहिलंच पाहिजे असा नियम कर. म्हणजे दोष वर जाईल. आणि मग एक दिवस शलाका ते वाक्य लिहीत नाही. बस, एवढंच, पुढचं काही समजावून सांगू नकोस, ज्यांनी आधीचे एपिसोड वाचलेत ते उडतील.

त्याच अश्शुरच्या आणि आजूबाजूच्या पाट्यांवर आणखी एक ताकीद वारंवार येते की जाणत्याने जाणत्यालाच दाखवावं, अजाणत्याने पाहू नये. म्हणजे गुपित आहे. मग मधल्याला किती दाखवायचं? हे तू ठरव, पण ठरव नक्की. मी तुझ्या जागी असतो तर रेखकांना चिन्ह काढायला शिकवलं असतं, पुसायला नाही.

आता इथे जरा थांबून दुसऱ्या देशात जाऊ, कारण पुसण्यावरून मला एगिलची गोष्ट आठवली. आइसलँडची जुनी सागा आहे, तेराव्या शतकात लिहिली गेली, गोष्ट मात्र दहाव्या शतकातली. एगिल हा कवी, योद्धा, आणि रून नावाच्या तिकडच्या जुन्या कोरीव लिपीतला वाकबगार माणूस, स्वभावाने एक नंबर खडूस. तो फिरत फिरत वेर्मलांडमध्ये, म्हणजे आजच्या स्वीडनमध्ये, एका शेतकऱ्याच्या घरी पोचतो. घरात मुलगी बरेच दिवस आजारी, झोप नाही, भ्रमिष्टासारखी झालेली. एगिल विचारतो काही उपाय केला का, तर म्हणे जवळच्याच एका शेतकऱ्याच्या पोराने रून कोरून दिले पण त्यानंतर आणखीच बिघडलं. एगिल अंथरूण उचलायला लावतो तर खाली व्हेलच्या हाडावर कोरलेले रून. तो वाचतो, सगळे खरवडून काढतो, हाड जाळतो, अंथरूण-पांघरूण बाहेर वाऱ्यावर टाकायला लावतो, नवे रून कोरून उशीखाली ठेवतो, आणि मुलगी उठते. या सगळ्यात तो एक कवनही म्हणतो ज्याचा मतलब असा की ज्याला नीट वाचता येत नाही त्याने रून कोरूच नयेत. पुढे कळतं की त्या पोराचं मुलीवर मन होतं, ती हो म्हणेना, त्याला प्रेमाचे रून कोरायचे होते आणि कोरले गेले आजाराचे.

ते पोरगं म्हणजे हात चालतो पण डोकं मागे राहिलंय असा माणूस. आणि बघ ना, तो काही दुष्ट जादूगार नाही, मठ्ठ प्रेमवीर आहे. तुझ्या मालिकेत आत्तापर्यंत जे वाईट घडलं ते सगळं त्या काळ्या झग्यातल्या माणसाने केलंय (तू पत्रात त्याच्याबद्दल बरंच लिहिलं होतंस, मी छाटलं, सॉरी). मधल्या हुद्द्याच्या भागात त्याला थोडे दिवस सुट्टी दे. इथे नुकसान चांगल्या माणसांच्या अर्धवट ज्ञानाने होऊ दे. गावोगाव उमेदवारीतून पळालेली, हाकललेली, थोडंथोडं शिकलेली माणसं चिन्हं काढून देतायत, आठ आण्यात ताप उतरवतायत, आणि मंडळ ते निस्तरायला पाठवतं कुणाला? मुद्राधर जाणार नाहीत, त्यांना पालखी लागते. उमेदवार जाऊ शकत नाहीत. रेखक जातात. शलाकाची ड्यूटी म्हणजे लोकांच्या अंथरुणाखालची चुकीची चिन्हं शोधणं. प्रत्येक एपिसोडला एक घर, एक चिन्ह, आणि ते कुणी आणि का काढलं याचा शोध. हे तर सरळ सरळ डिटेक्टिव्ह काम झालं गं, तुला आयतं इंजिन मिळालं. आणि वर मी म्हटलं तसं तिला पुसायला शिकवलेलंच नसेल तर मग काय विचारायलाच नको.

चीनमधला एक प्रकार पण सांगतो कारण तो तुझ्या त्या आकडेवाल्या वहीला जवळचा आहे, तुला आकडे आवडतात म्हणून. तिथल्या ताओ पंथात, विशेषतः इसवी सन १४२ मध्ये चांग ताओ-लिंग पासून सुरू झाला म्हणतात त्या 'स्वर्गीय गुरूं'च्या परंपरेत, कागदावर काढायच्या तावीजासारख्या चिन्हांना फू म्हणतात, आणि दीक्षा घेतलेल्याला एक यादी मिळते, तिला लू म्हणतात. यादी कशाची, तर तुझ्या हुकमात असलेल्या दैवी सेनापतींची. लहान मुलाला पहिल्यांदा एका सेनापतीची यादी, मग दहांची, मोठा झाल्यावर ७५ ची, आणि शेवटी १५० ची. म्हणजे १०, ५०, १०० सारखंच वाटतं ना? पण फरक बघ. त्याच्या अंगात ताकद वाढत नाहीये, त्याचं ऐकणाऱ्यांची संख्या वाढतीये. चिन्ह तेच, पण ते काढल्यावर येणार कोण हे यादीवर अवलंबून.

आणि त्या ७५ मध्ये एक गंमत आहे. त्या याद्या दोन प्रकारच्या, एक यिन बाजूची आणि एक यांग बाजूची, आणि दोन्ही मिळून १५० होतात. म्हणजे मधल्या पायरीवरचा माणूस अर्धा आहे आणि दुसरा अर्धा दुसऱ्या कुणाकडे तरी आहे. मला वाटतं तुझ्या शलाकाला याचाच उपयोग सगळ्यात जास्त होईल. रेखक कधी एकटा कामावर जात नाही, जोडीने जातो, एकाला उभ्या रेघांची परवानगी, दुसऱ्याला आडव्या. आणि तिच्या जोडीला मंडळाने कुणाला दिलंय, तर तो जो उमेदवारीत तिच्या नकला चोरायचा, श्रीनाथ ना त्याचं नाव? तो परत आणच. त्याला तू विसाव्या भागात विनाकारण घालवलास.

आता वाचकांच्या त्या मागणीकडे येतो, "करून टाक तिला मुद्राधर". करू नकोस, पण का होत नाहीये ते दाखव, आणि इथे बहुतेक सगळे लिहिणारे एकच करतात, एक परीक्षा ठेवतात, हिरॉईन नापास होते, रडते, सराव करते, पास होते. मला ते फार शाळकरी वाटतं. खऱ्या संघांमध्ये लायकी असूनही माणसं मध्येच अडकलेली असायची आणि त्याची कारणं भयंकर इंटरेस्टिंग आहेत.

जर्मनीतले जुने कारागीर संघ घे. तिथेही तीन पायऱ्या, शिकाऊ, मग गेझेल, मग माइस्टर. गेझेल म्हणजे शिकून झालेला, रोजावर काम करणारा, पण स्वतःचं दुकान टाकू न शकणारा. माइस्टर व्हायला एक नमुन्याचं काम करून दाखवावं लागायचं, आणि पुढे पुढे त्या नमुन्याचाच खर्च इतका वाढवून ठेवला की गरिबाला जमूच नये, वर फी, वर जेवणावळ. बऱ्याच शहरांत माइस्टर किती असावेत याची संख्याच ठरलेली, एखादा मरेल तेव्हा जागा होणार. माइस्टरच्या मुलाला सवलत. आणि लग्न? गेझेलला बहुतेक ठिकाणी लग्नाला बंदीच, माइस्टर झाल्याशिवाय संसार नाही. यातून एक वाट होती, ती म्हणजे वारलेल्या माइस्टरच्या विधवेशी लग्न करायचं, मग दुकान आणि जागा दोन्ही सोपं व्हायचं. म्हणजे वयाने केवढीतरी मोठी बाई आणि हा तिशीतला गेझेल, दोघंही हिशोब करून बसलेत. यावर कादंबरी होईल, तू एक एपिसोड तरी कर, तुझ्या मंडळात शिक्का वारशाने विधवेकडे किंवा विधुराकडे राहतो असं दाखव, आणि शलाकाला एक स्थळ येऊ दे. सांगलीच्या वाचकांना स्थळ येणं म्हणजे काय ते मी समजावून सांगायला नको.

बाय द वे, मंडळ म्हटलं की वर्गणी आलीच. तू इतक्या भागांत एकदाही मंडळाकडे पैसे येतात कुठून ते लिहिलं नाहीस. खऱ्या संघांच्या पेटीत सभासदांची वर्गणी असायची, आजाऱ्याला मदत, मेलेल्याचं क्रियाकर्म त्यातून व्हायचं. ती पेटी कुणाकडे आहे आणि किल्ल्या किती हे एकदा लिही, निम्मं राजकारण तिथेच मिळेल.

आणि गेझेल लोकांचं फिरणं. शिक्षण झालं की गाव सोडायचं. ही प्रथा जर्मनीत अजून चालू आहे, तीन वर्षं आणि एक दिवस, तिशीच्या आत असायला हवं, लग्न झालेलं नको, डोक्यावर कर्ज नको, आणि एवढ्या काळात स्वतःच्या गावाच्या ५० किलोमीटरच्या आत पाऊल टाकायचं नाही. बरोबर एक वही, जिथे जाईल तिथल्या गावाचा शिक्का त्यात घ्यायचा. मला ती ५० किलोमीटरची रेघ फार क्रूर आणि फार कामाची वाटते. तुझ्या जगात ती खरीखुरी चिन्हाने आखलेली कर, रेखक झाल्या दिवशी घराभोवती वर्तुळ पडतं, आणि आत गेलं तर हातातली विद्या जाते. मग तिसऱ्या महिन्यात निरोप आण, आजी आजारी आहे. वेळ हाताळायलाही हे सोयीचं आहे, तीन वर्षं आणि एक दिवस म्हटलं की वाचणारा मनातल्या मनात मोजत राहतो, तुला "लवकरच" वगैरे म्हणावं लागत नाही.

शिक्क्याचं राहिलं. तुझे मुद्राधर शिक्का मारतात एवढंच तू लिहिलंयस, पण शिक्का नेमका कशासाठी? यासाठी लांब जायची गरज नाही. शिवाजी महाराजांच्या पत्रांवर "प्रतिपच्चंद्रलेखेव" ही मुद्रा असते ते सगळ्यांना पाठ आहे, पण पत्र जिथे संपतं तिथे आणखी एक छोटी मुद्रा असते, "मर्यादेयं विराजते". म्हणजे मजकूर इथवरच, याच्या खाली कुणी एक ओळ जरी घुसवली तरी ती आमची नाही. मजकूर मोडीत लिहिणारा कारकून वेगळा आणि या दोन मुद्रा ज्याच्या ताब्यात तो वेगळा. वरची मुद्रा सांगते कुणाचं, खालची सांगते कुठवर. जादूच्या चिन्हांसाठी ही खालची मुद्रा म्हणजे सोनं आहे अक्षरशः, कारण चिन्ह सुरू करणं सोपं आणि ते थांबवणं अवघड असं असेल तर मर्यादा नसलेलं चिन्ह चालतच राहणार. पाऊस आणायचं चिन्ह, आणि मर्यादा घालायला मुद्राधर आलाच नाही. कृष्णेच्या पुरात राहिलेल्या माणसाला हे मी सांगायचं म्हणजे कमाल आहे.

तर मग रेखकाचे नियम मी असे काही धरीन, तू बदल हवे तसे: चिन्ह काढता येईल, उघडता येईल, बंद करता येणार नाही. नक्कल करता येईल, फुटलेली जागा भरता येणार नाही. उमेदवाराला शिकवता येईल पण त्याला हुद्दा देता येणार नाही, आणि हे शेवटचं विसरू नकोस, कारण शलाकाच्या हाताखाली एक उमेदवार द्यायलाच हवा, शक्यतो तिच्यापेक्षा हुशार. तो जेव्हा विचारेल की ताई, इथे रेघ का सोडली, आणि तिला उत्तर माहीत असूनही "नियम आहे" एवढंच म्हणावं लागेल, तेव्हा ती तिच्या गुरूसारखी बोलायला लागलेली दिसेल. गुरूचा ओरडा लोकांना आवडला होता ना, तोच आता तिच्या तोंडून येऊ दे.

आणि एक, तिची पॉवर लढाईत मोजायचीच असेल तर हरकत नाही, वहीतला ५० आकडा ठेव, पण तो मजकुरात आणू नकोस. तुझी वही तुझ्यापाशी.

लगेच काय लिहू असं विचारशील तर त्या फुटलेल्या पाटीपासून सुरू कर. मुद्राधर बाहेरगावी, दारात आई आणि पोर, श्रीनाथ जोडीला, तो म्हणतो सोड जागा, आणि शलाकाला रेघ माहितीये. तिने ओढली तर पोर वाचेल की नाही हे मी सांगणार नाही, पण दोन्ही वेळेला तिला त्याच्या खाली ते "दिसलं तसं लिहिलं" लिहावं लागेलच, आणि एका वेळेला ते खोटं असेल. वाचवलंस पोराला तर ते खोटं कोण पकडतं याचा विचार आधी करून ठेव. मी हुशार उमेदवाराकडे बोट दाखवीन.

ड्रेसचं विचारलंस. जर्मन फिरस्ते सुतार अजूनही काळा कॉर्डुरॉयचा जाकीट-पँट घालतात, पँटच्या मोहऱ्या रुंद, डोक्यावर काळी हॅट, हातात पिळाची वेडीवाकडी काठी, एका कानात बाळी. ते जसंच्या तसं उचललंस तर लोक ओळखतील आणि सांगलीच्या उन्हात शोभणारही नाही. मी पांढरा सुती सदरा देईन, उजवी बाही कोपरापर्यंतच, कारण शाई लागते, आणि कमरेला शिक्क्यासाठी शिवलेली रिकामी पिशवी, जी उमेदवाराच्या ड्रेसला नसते. रंग तू ठरव, भगवा सोडून काहीही, नाहीतर लोक भलतेच अर्थ काढत बसतील.